अटारीचा उदयास्त

कारखान्यांच्या जन्माचे सोहळे करण्यात आपण मोठे तत्पर असतो. कोनशिला बसते, मंत्री येतात, नारळ फुटतो आणि दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांतून छायाचित्रे झळकतात. परंतु कारखान्याच्या मरणाची बखर लिहावयास सहसा कोणी बसत नाही. दरवाज्याला कुलूप लागते, काही दिवस घोषणांचे फलक फडफडत राहतात, आणि मग त्या जागेचा भाव काय, एवढाच प्रश्न लोकांच्या तोंडी उरतो. पिंपरीस १९५४ साली हिंदुस्थान अँटिबायोटिक्सची स्थापना झाली, तेव्हापासून भोसरी, चिंचवड, आकुर्डी आणि पुढे तळेगाव व चाकण असा जो यंत्रांचा पट्टा पुण्याच्या वायव्येस व उत्तरेस पसरत गेला, त्यास आता सत्तर वर्षांहून अधिक काळ लोटला. एवढ्या अवधीत येथे जन्म पुष्कळ झाले, तसे मृत्यूही झाले. तथापि आमच्या महाविद्यालयांतून उद्योगांचा जो इतिहास शिकविला जातो तो बहुधा वाढीचाच इतिहास असतो. उतरणीची मीमांसा करावी असे कोणास वाटत नाही. जणू काही ती केली असता अपशकुन होईल!

ही उणीव लक्षात घेऊन आम्ही आज वाचकांपुढे एका दूरदेशीच्या कंपनीचे चरित्र ठेवीत आहोत. अमेरिकेतील कॅलिफोर्निया प्रांतात १९७२ साली जन्मलेली, दहा वर्षांत वैभवाच्या शिखरावर चढलेली आणि पुढच्या दोन वर्षांत तितक्याच वेगाने खाली आलेली ही कंपनी म्हणजे ‘अटारी’ होय. तिचा धंदा व्हिडिओ गेम करण्याचा, म्हणजे दूरचित्रवाणीच्या पडद्यावर खेळावयाचे खेळ आणि ते खेळण्याची यंत्रे बनविण्याचा.

खेळण्यांच्या धंद्याचा इतिहास तो काय लिहावयाचा, असे एखादा गंभीर प्रकृतीचा वाचक म्हणेल. त्यास आमचे उत्तर असे की, खेळ ही वस्तू आपल्या पूर्वजांनी कधीही क्षुद्र मानिली नाही. सारीपाट आणि बुद्धिबळ ही राजवाड्यांतून नांदली. सावंतवाडीस चिताऱ्यांची घराणी गंजिफाची वाटोळी पाने हाताने रंगवीत असत, आणि ती कला नामशेष होऊ लागली तेव्हा तेथील राजघराण्याने गेल्या शतकाच्या उत्तरार्धात तीस पुन्हा आश्रय दिला. गंमत अशी की, अटारीच्या मागून व्हिडिओ गेमचे राज्य जिने घेतले ती जपानची निन्टेन्डो ही कंपनीदेखील १८८९ साली क्योटो शहरी हाताने रंगविलेली पत्त्यांची पाने विकण्यासाठीच निघाली होती. एका गावची पाने राजाश्रयाने कशीबशी तगली, दुसऱ्या गावच्या पानांतून जगड्व्याळ उद्योग उभा राहिला. तेव्हा खेळ करणारांचा इतिहास हा कारागिरी, भांडवल आणि लोकरुची या तिहींचा इतिहास असतो, आणि म्हणूनच तो आम्हांस अभ्यासनीय वाटतो.

नोलन बुश्नेल आणि टेड डॅब्नी या दोघा तरुण अभियंत्यांनी प्रत्येकी अडीचशे डॉलर घालून भागीदारी सुरू केली. १९७१ साली त्यांनी ‘कॉम्प्युटर स्पेस’ नावाचे, नाणे टाकून खेळावयाचे एक यंत्र दुसऱ्या एका कंपनीकरवी बाजारात आणिले. ते फारसे चालले नाही. २७ जून १९७२ रोजी त्यांनी स्वतःची कंपनी नोंदविली आणि तीस ‘अटारी’ हे नाव दिले. जपानात ‘गो’ नावाचा सोंगट्यांचा एक प्राचीन खेळ आहे. त्यात प्रतिपक्षाची सोंगटी पुढच्याच चालीस मारली जाणार अशी स्थिती आली म्हणजे तीस ‘अटारी’ म्हणतात. नाव ठेवणारांस तेव्हा आपण मारणाराच्या बाजूस आहोत असेच वाटले असणार.

अॅलन अल्कॉर्न नावाच्या नव्या अभियंत्यास बुश्नेलने सरावादाखल एक सोपा खेळ करावयास सांगितले. दोन उभ्या रेघा, मध्ये एक ठिपका, आणि ठिपका रेघेवर आपटला की टक असा आवाज! हाच तो ‘पाँग’ होय. सनीव्हेल गावच्या एका मद्यगृहात त्याचे पहिले यंत्र मांडण्यात आले. थोड्याच दिवसांत यंत्र बिघडल्याची तक्रार आली. अल्कॉर्न जाऊन पाहतो तो बिघाड असा की, नाण्यांची पेटी शिगोशीग भरून गेल्यामुळे यंत्र नवे नाणेच घेईना. येथे न्यायबुद्धीने एक गोष्ट नमूद केली पाहिजे. घरच्या दूरचित्रवाणीवर खेळावयाचे पहिले यंत्र अटारीचे नव्हे. राल्फ बेअर या संशोधकाच्या कल्पनेवरून मॅग्नाव्हॉक्स कंपनीने त्याच वर्षी ‘ओडिसी’ हे यंत्र विक्रीस काढिले होते व त्यात टेबल टेनिसचा खेळही होता. मॅग्नाव्हॉक्सने फिर्याद केली, आणि १९७६ साली अटारीस परवान्याचे पैसे भरून तडजोड करावी लागली. कल्पना एकाची, ती लोकांच्या गळी उतरविण्याचे कसब दुसऱ्याचे. उद्योगाच्या इतिहासात हे नेहमीच घडत आले आहे.

१९७५ साली ‘पाँग’ घरोघर नेण्याकरिता सीअर्स या मोठ्या दुकानदार कंपनीने दीड लाख यंत्रांची मागणी नोंदविली. परंतु एका यंत्रात एकच खेळ असेल तर गिऱ्हाइकाचा जीव महिन्याभरात विटणार, हे उघड होते. यंत्र एक व खेळ अनेक अशी योजना हवी होती, आणि तिला भांडवल हवे होते. म्हणून १९७६ साली बुश्नेलने आपली कंपनी सुमारे दोन कोटी ऐंशी लाख डॉलरांस वॉर्नर कम्युनिकेशन्स या करमणुकीच्या धंद्यातील बड्या संस्थेस विकली. डॅब्नी त्यापूर्वीच, १९७३ साली, बाहेर पडला होता. अटारीच्या जन्मकथेत पुढे पुष्कळ वर्षे त्याचे नावदेखील कोणी घेत नसे.

१९७७ साली जे यंत्र निघाले व ज्यास पुढे ‘अटारी २६००’ हे नाव पडले, त्याची रचना समजून घेण्याजोगी आहे. त्यात खेळाची चिप असलेली डबी, म्हणजे कार्ट्रिज, खोचावयाची. डबी बदलली की खेळ बदलला. किंमत परवडावी म्हणून यंत्राची स्मृती अवघी १२८ बाइटांची ठेविली होती. या निबंधातील एखादे लांबसे वाक्यही तेवढ्या जागेत मावणार नाही! पडद्यावरचे संपूर्ण चित्र साठवून ठेवण्यास जागाच नसल्यामुळे ते चित्र क्षणोक्षणी नव्याने घडवावे लागे. त्या काळच्या दूरचित्रवाणी संचात एक किरण वरून खाली, ओळीमागून ओळ असा सेकंदाला साठ वेळा फिरत असे. तो ज्या ओळीवर असेल त्या ओळीपुरते रंग व आकार प्रोग्रॅमने ऐन वेळी पुरवावयाचे, आणि दर ओळीस प्रोसेसरला मिळावयाची फक्त ७६ टिकटिक. रांगोळी काढणाऱ्या बाईच्या कानात प्रत्येक ठिपक्याचा रंग ती हात टेकविते त्याच क्षणी सांगावा, एक क्षण आधी नाही व एक क्षण नंतर नाही, तशी ही कसरत होती. ती साधणारे प्रोग्रॅमर थोडे होते. बहुधा एकेक माणूस एकेक खेळ समग्र रचीत असे. कल्पना त्याची, चित्रे त्याची, आवाज त्याचे. ग्रंथकार आणि ग्रंथ यांचे जे नाते, तेच येथे कर्ता आणि खेळ यांचे होते.

आणि नेमकी हीच गोष्ट नव्या मालकांच्या ध्यानात आली नाही. १९७८ च्या अखेरीस बुश्नेल कंपनीतून गेला आणि वॉर्नरने नेमलेले रे कॅसर हे सर्वाधिकारी झाले. हे गृहस्थ कापडधंद्यात मुरलेले होते. विक्री, जाहिरात, शिस्त यांत त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता, आणि त्यांच्या अमदानीत कंपनीची भरभराट झाली हे कबूल केले पाहिजे. १९८० साली ‘स्पेस इन्व्हेडर्स’ हा जपानी खेळ परवाना घेऊन घरच्या यंत्रावर आणिला, तेव्हा केवळ त्या खेळासाठी लोक यंत्र विकत घेऊ लागले. परंतु खेळ रचणारांची नावे डबीवर छापावयाची नाहीत, आणि विक्रीतील अंशही त्यांस द्यावयाचा नाही, असा कंपनीचा दंडक होता. कोट्यवधींची विक्री ज्यांच्या हातून निघे, ते ठराविक पगारावर निनावी राहात.

या अन्यायाचे पहिले उत्तर विनोदाने दिले गेले. वॉरन रॉबिनेट या प्रोग्रॅमरने ‘अॅडव्हेंचर’ या खेळात कोणास न सांगता एक गुप्त खोली बांधिली. एक जवळजवळ अदृश्य ठिपका हुडकून तो नेमक्या जागी नेला, तर त्या खोलीत प्रवेश मिळे, आणि आत कर्त्याचे नाव झळके. आपल्या मंदिरांतून पाथरवटाने कोठे तरी कोपऱ्यात स्वतःची खूण कोरून ठेवावी, तसाच हा प्रकार. तो उघडकीस येईपर्यंत रॉबिनेट नोकरी सोडून गेला होता.

दुसरे उत्तर मात्र विनोदाचे नव्हते. डेव्हिड क्रेन, लॅरी कॅप्लन, अॅलन मिलर आणि बॉब व्हाइटहेड या चौघा नामांकित कारागिरांनी नाव आणि वाटा मागितला. तो मिळेना, तेव्हा ते बाहेर पडले आणि १९७९ साली त्यांनी ‘अॅक्टिव्हिजन’ ही कंपनी काढिली. ती अटारीच्याच यंत्राकरिता खेळ करी, आणि खेळ रचणाराचे नाव अभिमानाने छापी. अटारीने फिर्याद केली. परंतु १९८२ साली प्रकरण परवाना-शुल्कावर मिटले. निकाल असा झाला की, कोणीही उठावे आणि अटारीच्या यंत्रासाठी डबी करावी. मग हौशे, नवशे, गवशे सारेच उठले. ज्यांस खेळाचे काडीइतके ज्ञान नाही अशांनीही डब्या काढिल्या. चौघांस मान देण्याची काटकसर कंपनीस अशी महाग पडली.

१९८२ साली अटारीची विक्री सुमारे दोनशे कोटी डॉलरांवर गेली होती आणि वॉर्नरच्या एकंदर उलाढालीचा सुमारे निम्मा भाग एकट्या अटारीचा होता. याच सुमारास कंपनीने एक चूक केली, ती हिशेबाची दिसते पण वस्तुतः मनोवृत्तीची आहे. माल अपुरा पडतो म्हणून तिने घाऊक व्यापाऱ्यांस वर्षभराची मागणी आगाऊ नोंदविण्यास सांगितले. शिधावाटपाच्या दिवसांचा अनुभव ज्यांस आहे त्यांस पुढचे सांगावयास नको. चार शेर हवे असता व्यापाऱ्यांनी आठ शेर मागितले, कारण मिळणार चारच अशी त्यांची अटकळ होती. कंपनीने मागणीचे हे फुगीर आकडे खरे मानून माल काढिला. आणि माल मुबलक होताच व्यापाऱ्यांनी नोंदी रद्द केल्या.

त्या फुगवट्यात दोन खेळांचे नाव विशेष गाजले. मार्च १९८२ मध्ये ‘पॅक-मॅन’ घरच्या यंत्रावर आला. त्याच्या सुमारे सत्तर लाख डब्या खपल्या, तरी बनविल्या होत्या त्याहून कितीतरी अधिक. आणि ज्यांनी घेतल्या त्यांस लुकलुकणारी, ओबडधोबड चित्रे पाहून फसविले गेल्यासारखे वाटले. त्याच वर्षी स्टीव्हन स्पीलबर्ग यांच्या ‘ई. टी.’ या चित्रपटावरून खेळ करण्याचे हक्क कंपनीने कोट्यवधी डॉलर मोजून घेतले. करार जुलैअखेरीस झाला आणि माल तर नाताळापूर्वी दुकानात हवा. म्हणून हॉवर्ड स्कॉट वॉर्शॉ या कर्त्यास जेमतेम पाच आठवडे मिळाले. ज्या कामास एरवी सहा महिने लागत ते पाच आठवड्यांत उरकावयाचे! त्याने ते केले, हेच नवल. खेळातला नायक पावलोपावली खड्ड्यात पडे आणि त्यातून निघता निघता मुले रडकुंडीस येत. सुमारे चाळीस लाख डब्या काढिल्या होत्या. त्यांतील निम्म्याहून अधिक विकल्याविना राहिल्या.

७ डिसेंबर १९८२ रोजी, नफ्याची वाढ अपेक्षेहून पुष्कळ कमी होईल असे वॉर्नरने जाहीर केले आणि तिच्या समभागाची किंमत एकदम सुमारे एक तृतीयांशाने कोसळली. १९८३ साली एकट्या अटारीचा तोटा पन्नास कोटी डॉलरांच्या पलीकडे गेला. त्याच वर्षाच्या फेब्रुवारीत कंपनीने आपली जुळणी हाँगकाँग व तैवान येथे हलविण्याचे ठरविले आणि कॅलिफोर्नियातील १७०० कामगारांस घरी पाठविले. सप्टेंबरात न्यू मेक्सिको प्रांतातील अलामोगोर्डो गावाच्या उकिरड्यावर मालमोटारी आल्या, न विकलेल्या डब्या खड्ड्यात ओतल्या गेल्या आणि वर काँक्रीट पसरण्यात आले. जुलै १९८४ मध्ये वॉर्नरने घरगुती यंत्रांचा व संगणकांचा विभाग जॅक ट्रॅमिएल यांस विकून टाकिला. पोलंडात जन्मलेले, आउशविट्झच्या छळछावणीतून वाचलेले आणि अमेरिकेत कमोडोर कंपनी नावारूपास आणणारे हे गृहस्थ मोठे करारी होते. नाणी टाकण्याच्या यंत्रांचा विभाग वेगळा राहिला. मूळची अखंड अटारी येथे संपली.

लोकांत एक समजूत रूढ आहे की, एका वाईट खेळाने अटारी बुडविली. गोष्ट सांगण्यास ती सोयीची असली तरी आम्हांस ती मान्य नाही. कारागीर गेले ते १९७९ साली. फुगीर मागण्या नोंदविल्या गेल्या त्या ‘ई. टी.’चा करार होण्यापूर्वी. वाटेल त्याच्या डब्यांनी दुकाने भरली तीही त्याच सुमारास. वॉर्शॉचा खेळ हा रोग्याला आलेला शेवटचा घाम होता, रोग नव्हे. त्या एका माणसाच्या माथी दोष मारला की, पाच आठवड्यांची मुदत ठरविणारे आणि न केलेल्या खेळाच्या लक्षावधी प्रतींचा हुकूम सोडणारे आपोआप निर्दोष सुटतात. पेशवाईच्या अस्ताचे खापर एकट्या दुसऱ्या बाजीरावावर फोडण्यात हीच सोय असते.

शिवाय, लोक खेळांसच विटले होते, असे जे त्या वेळी व्यापारी म्हणत, तेही खोटे ठरले. अमेरिकेतील घरगुती खेळांची विक्री सुमारे तीनशे कोटी डॉलरांवरून १९८५ पर्यंत सुमारे दहा कोटींवर घसरली हे खरे. पण त्याच १९८५ साली निन्टेन्डोने आपले यंत्र तेथे उतरविले आणि काही वर्षांत तो बाजार पुन्हा भरून काढिला. तिने अटारीचे मरण नीट वाचले होते. तिच्या यंत्रात एक कुलुपी चिप होती, तीमुळे परवान्याशिवाय केलेली डबी चालतच नसे. आणि परवानाधारकांसही वर्षाकाठी ठराविकच खेळ काढण्याची मुभा होती. ही कुलपे पुढे इतरांस जाचकही झाली, हा भाग निराळा. एवढे खरे की, लोक खेळांस नव्हे तर फसवणुकीस विटले होते.

नंतरची कथा ही देहाची नसून नावाची कथा आहे. ट्रॅमिएल यांच्या अटारीने १९८५ साली संगणक काढिला, १९८९ साली हातात धरून खेळावयाचे ‘लिंक्स’ व १९९३ साली ‘जॅग्वार’ ही यंत्रे काढिली. ‘जॅग्वार’ अडीच लाखांच्या आतच अडखळले. १९९६ साली कंपनी जेटीएस नावाच्या, संगणकाच्या हार्ड डिस्क बनविणाऱ्या कंपनीत विलीन झाली. या जेटीएसचा कारखाना होता तो मद्रासेस! म्हणजे अटारीचे उरलेसुरले शरीर शेवटी हिंदुस्थानच्या किनाऱ्याशी येऊन लागले होते. पण १९९८ साली जेटीएसचेही दिवाळे निघाले. तत्पूर्वी अटारीचे नाव आणि खेळांचे हक्क हॅस्ब्रो या खेळण्यांच्या कंपनीने पन्नास लाख डॉलरांस उचलले होते. ज्या नावाने एका वर्षात दोनशे कोटींची विक्री केली, त्याची ही किंमत. पुढे ते नाव फ्रान्सच्या इन्फोग्राम्सकडे गेले. २०१३ साली त्या नावाच्या अमेरिकी कंपनीने न्यायालयाचे संरक्षण मागितले. आणि २०२३ साली त्याच नावाने जुन्या २६०० ची नवी आवृत्ती बाजारात आली. एप्रिल २०१४ मध्ये अलामोगोर्डोचा उकिरडा उकरण्यात आला, तेव्हा सुमारे तेराशे डब्या हाती लागल्या, आणि त्यांपैकी एक आज अमेरिकेच्या स्मिथसोनियन संग्रहालयात आहे.

आपल्याकडे या साऱ्याचे पडसाद उमटले ते फार उशिरा. मुंबईचे दूरदर्शन केंद्र सुरू झाले तेच मुळी २ ऑक्टोबर १९७२ रोजी, अटारीच्या जन्मानंतर तीन महिन्यांनी. आणि रंगीत चित्रे दिसू लागली ती १९८२ च्या आशियाई खेळांच्या निमित्ताने, म्हणजे अटारीच्या पडझडीच्या वर्षी. आयातीवर निर्बंध असल्यामुळे मूळ यंत्रे थोड्यांच्याच घरी आली. मध्यमवर्गीय मुलांच्या हाती गेल्या शतकाच्या अखेरच्या दशकात पडली ती बहुतांशी पूर्वेकडील देशांत केलेली नकली यंत्रे होत. आपल्या प्रांतात स्वतंत्रपणे खेळ रचण्याचा उद्योग त्यानंतर निघाला. मुंबईस विशाल गोंडल यांनी १९९९ साली इंडियागेम्स स्थापिली. कारगिलच्या युद्धावर खेळ रचून तिने नाव मिळविले, आणि पुढे मोबाइलवरचे खेळ हा तिचा मुख्य व्यवसाय झाला. परंतु तिची कुंडलीही अटारीशी जुळणारीच निघाली. आधी चीनच्या टॉम ऑनलाइनने तीत मोठा वाटा घेतला, २००७ साली यूटीव्हीने, आणि २०१२ साली यूटीव्हीच डिस्नेच्या छत्राखाली गेली. त्या ओघात इंडियागेम्स हे स्वतंत्र नाव विरून गेले. करमणुकीची मोठी संस्था लहान कारागीर संस्थेस गिळते तेव्हा ती यंत्रे, हक्क व हिशेबवह्या गिळते. ज्या मंडळींच्या एकत्र बसण्यातून खेळ निर्माण होत, ती मंडळी मात्र पांगते. हा धडा वॉर्नरच्या काळचाच आहे.

आता आमच्या पट्ट्याकडे वळू. ज्या १९७२ साली अटारी जन्मली, त्याच वर्षी बजाजची ‘चेतक’ स्कूटरही जन्मली. आकुर्डीस बनणाऱ्या या वाहनासाठी लोक वर्षानुवर्षे नंबर लावून बसत, आणि ती दारात आली म्हणजे हळदकुंकू वाहून पेढे वाटीत. पुढे गिऱ्हाईक मोटरसायकलीकडे वळले, चेतक बंद झाली, आणि सप्टेंबर २००७ मध्ये आकुर्डीच्या कारखान्यातील वाहननिर्मितीही थांबली. परंतु येथे अटारीहून निराळी गोष्ट घडली. कंपनी विजेवर चालणारी स्कूटर घेऊन जानेवारी २०२० मध्ये पुन्हा आली. तीस तिने चेतक हेच नाव दिले, आणि जून २०२२ मध्ये तिच्या निर्मितीचा कारखाना आकुर्डीसच सुरू केला. नाव त्याच मालकाकडे राहिले व जुन्या जागी पुन्हा काम सुरू झाले. असे भाग्य फार थोड्या नावांस लाभते.

तळेगावची कथा याच्या उलट. जनरल मोटर्सचा तेथील कारखाना २००८ साली सुरू झाला. २०१७ साली कंपनीने हिंदुस्थानातील विक्री आवरली, पुढे काही काळ निर्यातीसाठी मोटारी केल्या, आणि डिसेंबर २०२० मध्ये निर्मिती थांबली. कामगारांचा तंटा न्यायासनापुढे गेला. २०२३ साली तो कारखाना घेण्याचा करार ह्युंदाईने केला. इमारतीस नवा मालक मिळाला, यंत्रांच्या जागी यंत्रे बसतील. परंतु बारा वर्षे तेथे राबलेल्या हातांच्या अंगी जे कसब मुरले होते, ते त्या करारात कोणत्या कलमाखाली आले? आम्ही हा प्रश्न कोणा एका कंपनीवर दोषारोप करण्यासाठी विचारीत नाही. निर्णय दूरदेशी होतो आणि त्याचे फळ गावात भोगावे लागते, हे कॅलिफोर्नियातील १७०० कामगारांनीही अनुभविले होते. तेथून जुळणी आशियात आली म्हणून आशियातील कोणास काम मिळाले. उद्या येथूनही ती कोठे तरी जाईल. भांडवलास पाय असतात, माणसास मात्र घर असते.

मग यावर उपाय काय? कारखाने मरूच नयेत, अशी प्रार्थना करणे व्यर्थ आहे. लोकांची रुची पालटणार, यंत्रे जुनी होणार. परंतु अटारीच्या चरित्रावरून दोन गोष्टी आपल्या हातातल्या दिसतात. पहिली ही की, वस्तू घडविणाराचे नाव व मान राखला, तर धंद्याचे आयुष्य वाढते. तो राखला नाही, तर कारागीरच उद्या प्रतिस्पर्धी होऊन दारात उभा राहतो. हे केवळ नीतीचे वचन नव्हे, अॅक्टिव्हिजनच्या हिशेबवह्यांनी ते सिद्ध केले आहे. दुसरी ही की, मरणाची कारणे खरी खरी लिहून ठेविली, तर मागून येणारा शहाणा होतो. निन्टेन्डोस जे साधले ते अटारीच्या प्रेताची परीक्षा केल्यामुळे साधले.

या दुसऱ्या बाबतीत आम्ही मागासलेले आहोत. अमेरिकेतील मंडळींनी उकिरड्यातून डब्या उकरून काढिल्या. अल्कॉर्न, वॉर्शॉ, रॉबिनेट यांच्या मुलाखती घेऊन त्यांचे शब्द जतन केले. उशिरा का होईना, डॅब्नीचेही नाव त्याच्या जागी बसविले. निगडी, आकुर्डी, चिंचवड, भोसरी या भागांतून आज हजारो निवृत्त कामगार व अभियंते राहतात. कोणी चेतकचे इंजिन जुळविले आहे, कोणी पेनिसिलीनच्या टाक्या सांभाळल्या आहेत, कोणी बंद पडलेल्या लहानशा कारखान्याचा शेवटचा पगारपत्रक-कारकून होता. त्यांतील वडीलधारी मंडळी दर वर्षी थोडी थोडी आपल्यांतून जात आहेत. येथील महाविद्यालयांनी प्रत्येकी पाचपन्नास विद्यार्थी या कामास लाविले, आणि त्यांनी आपल्याच आळीतील आजोबांजवळ बसून, कारखाना कसा चालला आणि कसा थांबला हे त्यांच्या शब्दांत उतरून घेतले, तर दहा वर्षांत या पट्ट्याची खरी बखर तयार होईल. त्यास फार द्रव्य नको, सरकारी मंजुरीही नको. एक वही आणि सायंकाळचे दोन तास पुरेत. आमच्या वर्गातील काही विद्यार्थ्यांस येत्या सुट्टीत हे काम देण्याचे आम्ही योजिले आहे, आणि ज्या वाचकांच्या घरी असे कोणी वडील मनुष्य असेल त्यांनीही वाट न पाहता आपल्या घरापासूनच आरंभ करावा, अशी आमची विनंती आहे.